नौपाड्यातला हिमालय

नौपाडा, ठाणे
वसुबारस

प्रिय मधु,

धाकट्या भावाला थोरल्या बहिणीचे पोटभर आशीर्वाद. तुझा गुडघा काय म्हणतो? टिटवाळ्याची हवा मानवते ना? मी ठणठणीत आहे, फक्त नखांत हिमालय अडकला आहे.

आमच्या सोसायटीत दिवाळीतल्या किल्ल्यांची स्पर्धा असते. वल्लरीने (माझीच नात, पण हट्ट तुझा) यंदा मला गटात घेतलं, आणि मी म्हटलं, दरवर्षी किल्लाच का? हिमालय करू. कॉन्व्हेंटमध्ये सिस्टर अगाथा डोळे मिटून शिखरं म्हणायला लावायच्या. लडाखपासून अरुणाचलपर्यंत मी एकदाही घसरले नाही. (वहीतले माझे डोंगर तू तपकिरी रंगवून द्यायचास. रंग रेषेबाहेर जायचा, मी ओरडायचे. आता वाटतं, उगाच ओरडले.)

तर नकाशा हातात धरून, पायरीवर बसून, विटा, गोणपाट आणि चिखलाची रांग मी उभी केली. नंदादेवी सबंध आपल्या हद्दीत. कांचनजंगा सीमेवरचं, म्हणून अर्धं मुद्दाम बी विंगच्या पार्किंगमध्ये नेलं. तिथला सेक्रेटरी विनीत आला. "काकू, तुमचा डोंगर आमच्याकडे आलाय." मी म्हटलं, "तो भाग नेपाळचा." "मग नेपाळला सांगा, मला स्कूटर काढायचीय."

मुलांनी रीतीप्रमाणे सगळीकडे अळीव पेरले, त्यामुळे साडेआठ हजार मीटरवर हिरवळ आहे. महाराजांशिवाय वल्लरी चिखलाला हात लावेना, म्हणून त्यांचं सिंहासन नंदादेवीवर. तिने मला बजावलं आहे, "आजी, तीन वर्षं पहिला नंबर आमचा आहे. यंदा गेला, तर पुढच्या वर्षी तू फक्त चकल्या द्यायच्या." मधु, साठीनंतर मला खेळायला कोणी बोलावलं नव्हतं रे. नंबर हवा आहे तो तेवढ्यासाठी.

तुझी,
ताई

ता. क. कमिटीने भूगोलाचे निवृत्त शिक्षक म्हणून भाऊबीजेला परीक्षणासाठी तुलाच बोलावलं आहे, हे मला आत्ताच कळलं. वरच्या मजकुराशी त्याचा संबंध लावू नये.

ता. क. दुसरा. नकाशा बरोबर होता, पण मी बसले होते रांगेच्या मागच्या बाजूला. त्यामुळे समोरून येणाऱ्याला लडाख उजवीकडे आणि कांचनजंगा डावीकडे दिसतं. याला चूक म्हणता येणार नाही, तिबेटातून असंच दिसतं. तू मात्र रिक्षा मागच्या गेटला थांबव.