तेवीस हर्ट्झला निखळलेलं दार

सोम. ३ मार्च, ईरी
नेव्हीच्या जहाजावर आग विझवायचे पंप असतात. त्यांचा कंट्रोल बॉक्स मी डिझाइन केलाय. गुरुवारी व्हायब्रेशन टेस्ट. बॉक्स हलत्या टेबलावर आवळायचा, हलणं चार हर्ट्झपासून, म्हणजे सेकंदाला चार वेळा, तेहेतीसपर्यंत वाढवत न्यायचं. जिथं सर्वांत जास्त थरथरेल तिथं दोन तास ठेवायचा. माझा कुठंच थरथरणार नाही.

मंगळ. ४
वेल्डर रोझलिंड म्हणाली, मागचा पत्रा पातळ आहे वेन, आडवी पट्टी मारू का? नको म्हणालो. वजन वाढतं. पुढं म्हणाली, मग बॉक्सच्या दाराला दोरी बांध. वेल्डरांचा विनोद असाच.

गुरु. ६, दुपारी २
लॅब. तेवीस हर्ट्झला किंचित थरथर. दार निखळून लॅबवाल्या हॅलोरनच्या सँडविचवर. तो म्हणाला, साहेब, हे जेवायचं की रिपोर्टला जोडायचं? टेबल सदोष, असं मी नोंदवायला सांगितलं. तो म्हणाला, सकाळी याच टेबलावर पाव भाजायचं मशीन पास झालंय.

शुक्र. ७
मालक लिंडक्विस्टना सांगितलं, नापास नव्हे, माहिती गोळा झाली. ते म्हणाले, आणखी माहिती नको. ऑर्डर गेली तर दुसरी शिफ्ट बंद. अकरा माणसं.
संकल्प: टीका शांतपणे ऐकणे.

रवि. ९
बॉक्सखाली रबराचे पाय! बायकोला, लॉरेनला, जेवताना समजावलं. बटाटे दे म्हणाली.

बुध. १२
रबरावर बॉक्स अकरा हर्ट्झलाच नाचायला लागला. हॅलोरननं धावत जाऊन स्विच बंद केला. एका अर्थी प्रगती, दोष लवकर सापडतो. नेव्हीच्या इन्स्पेक्टर मिसेस डुप्री ओरडल्या नाहीत. ओरडल्या असत्या तर बरं झालं असतं. म्हणाल्या, जहाजाला आग लागल्यावर पोरं हेच बटण दाबणार, मिस्टर टेसमर. मंगळवारी शेवटची टेस्ट.

शनि. १५
दिवसभर ड्रॉइंगसमोर. काहीही सुचलं नाही. दुसऱ्या शिफ्टमध्ये रोझलिंडचा नवरा आहे, हे आज कळलं. ती स्वतः कधी बोलली नाही. तिला फोन लावला. उचलल्यावर सुट्टीची चौकशी करून ठेवला.

मंगळ. १८, दु. १२.४०
पास! पूर्ण दोन तास. बॉक्स ढिम्म. मागच्या पत्र्यावर आतून आडवी पट्टी दिसली, वेल्ड ताजं. रोझलिंडला विचारलं, कोणी सांगितलं? म्हणाली, कोणीच नाही सांगितलं वेन, हाच तर घोळ होता.
मी हो-नाही काहीच बोललो नाही. गप्प राहणं हीही एक प्रकारची मंजुरी.

बुध. १९
रिपोर्ट आला. ‘सुधारणा’ या रकान्यात रोझलिंडचं नाव. मी ‘उपस्थित’ या रकान्यात, हॅलोरनच्या खाली. माझं आडनाव चुकलंय. बदलायला फोन केला. लॅबमधली बाई म्हणाली, उपस्थितांची नावं कोणी वाचत नाही हो.