दादाच्या दाराची कडी

रविवार, दिवेलागण. डोंबिवली.

ती कडी काही डोक्यातून जात नाही. आमच्या पालटपंथात शिकवतात, हे स्वप्न आहे असं स्वप्नातच भान आलं की एकच गोष्ट बदलायची आणि दुसऱ्या दिवशी दिवा लावायच्या आत ती स्वप्नातल्या त्या माणसाला सांगायची. सांगितल्याशिवाय जगात काही पालटत नाही. मी त्यातलं पहिलं तेवढंच मन लावून केलं. शहाडच्या दादाशी चार वर्षं अबोला. महिनाभर रोज स्वप्नात मी त्याच्या दाराची कडी काढून आत जात होते, माफी मागत होते. इतकं हलकं वाटायचं की फोन करायचा राहूनच जायचा. राहून कसला, टाळलाच.

आज पंथाच्या वर्गात हे सांगितलं तर बाई चिडल्या. "अगं, त्याला पत्ता तरी आहे का? ही नुसती करमणूक झाली!"

घरी येऊन फोन लावला. एका दमात स्वप्नातलं सगळं सांगून टाकलं. दादा म्हणाला, "बरं. आणि स्वप्नात मी काय बोललो गं?"

एकाही स्वप्नात मी त्याला बोलू दिलं नव्हतं. कडीसुद्धा बाहेर उभी राहून मीच काढत होते.

ती तर आतून असते.