डोळा लावून घेतलेलं शून्य

३ मार्च, सोमवार

आजपासून मी प्रयोगशाळेत मापनसाहाय्यक! दारावरच्या पाटीवर ‘दृष्टीविज्ञान’ असं रंगवलंय. ‘ष्टि’ ऱ्हस्व हवी. एवढी शिकलेली माणसं रोज त्या पाटीखालून ये-जा करतात आणि एकालाही खटकत नाही. पहिल्याच दिवशी चूक काढणं बरं दिसलं नसतं म्हणून गप्प बसलो, पण मनातून बरं वाटलं. इथे माझी गरज आहे.

जागा मस्त आहे. तिसऱ्या मजल्यावर लांब व्हरांडा, त्यात बाकं, आणि टोकाला काळी खोली. भिंती, छत, टेबल, स्टूल, सगळं काळं. दाराला दोन जाड पडदे. भर दुपारी आत शिरलं तरी स्वतःचा हात दिसत नाही. प्रमुखांना सगळे नुसतं ‘बाई’ म्हणतात. त्या बोलताना माणसाकडे बघत नाहीत, त्याच्या डोळ्यांकडे बघतात. यात फरक आहे, तो मला लगेच कळला.

ज्यांच्याकडे राहतो त्या ताईला आणि भावोजींना काम समजावून सांगितलं. डोळ्याच्या अगदी मागे एक पडदा असतो. त्या पडद्यापर्यंत उजेड नेमका किती पोचतो, ते आम्ही मोजतो. भावोजी म्हणाले, मग काय, ज्याच्या डोळ्यात जास्त त्याला विजेचं बिल लावणार का? आणि स्वतःच्याच विनोदावर ठसका लागेपर्यंत हसले. ताईने त्यांना पाणी दिलं. मी दिलं नसतं.

५ मार्च, बुधवार

पद्धत पाठ झाली. दिव्याचं तेज किती आहे एवढं बघून भागत नाही. बुबुळातलं काळं भोक, म्हणजे बाहुली, किती उघडी आहे तेही बघावं लागतं. तेज गुणिले बाहुलीचं क्षेत्रफळ. मी कॉलेज दुसऱ्या वर्षाला सोडलं, पण एवढा गुणाकार मला येतो.

डोळा मोजून घ्यायला येणाऱ्याच्या दातांचा मेणात ठसा घेतात. ती त्याची दातपट्टी. ती चावून बसलं की डोकं हलत नाही. मग उजवा डोळा नळीला लावायचा. आधी नळीवर झाकण, म्हणजे शून्य. मग झाकण काढून काळ्या काचा. सगळ्यात गडद काच आधी, मग तिच्याहून फिकी, अशा एकेक काढत जायचं. आत गेलेल्या उजेडापैकी थोडासा मागच्या पडद्यावरून परत येतो, मांजराचे डोळे चमकतात तसा. तो मापकाचा काटा दाखवतो आणि कागदाच्या पट्टीवर त्याची रेघ उमटवतो.

शेवटची काच मात्र कधीच काढायची नाही. ती काढली तर दिव्याचा सगळा झोत एका टिंबात गोळा होऊन पडद्यावर पडेल. बाई म्हणाल्या, भाजलेला पडदा पुन्हा येत नाही.

माझ्या जोडीला एक जुना साहाय्यक आहे. त्याला काहीही विचारलं की ‘अंदाजे’ म्हणूनच सुरुवात करतो, म्हणून सगळे त्याला अंदाजेच म्हणतात. काटा कुठे आहे, तर अंदाजे मध्यावर. काचा पुसल्या का, तर अंदाजे पुसल्या. आज चहा पिताना त्याने मला विचारलं की समजा शेवटची काच चुकून निसटलीच तर? मी म्हटलं, तर एक डोळा जाईल. व्हरांड्यात आणखी बसलेले आहेतच की. त्याने चहा तसाच ठेवला. फार हळव्या मनाची माणसं या कामाला घेऊ नयेत.

७ मार्च, शुक्रवार

व्हरांड्यात रोज माणसं येतात. डोळे घेऊन येतात आणि अक्कल घरी ठेवतात. कोणी दातपट्टी चावताना बोलायला बघतं, लाळ गळते ती मला पुसावी लागते. कोणी मध्येच शिंकतं. खरं तर आम्हाला अख्खा माणूस लागतच नाही. पुढे भोक आणि मागे पडदा असलेली एक पेटी पुरे.

आज एक निवृत्त मास्तर आले होते. तपासणी झाल्यावर रुमालाने तोंड पुसत त्यांनी दोन-तीनदा विचारलं की बाळा, काय दिसलं रे आत? मी सांगितलं, तुम्हाला दिसण्यासारखं काही नाही. ते ‘बरं बरं’ करत जिना उतरले. मास्तर असून मानधनाच्या पावतीवर सही करताना स्वतःच्याच आडनावातला काना विसरले.

१२ मार्च, बुधवार

आनंदाची बातमी. बाईंनी सगळ्यांचे आकडे तपासून माझा उजवा डोळा प्रमाण डोळा म्हणून निवडला. रोज सकाळी यंत्र आधी माझ्या डोळ्यावर तपासायचं, मग इतरांवर. डोळा असाच स्थिर राहिला तर नोकरी कायम. बिघडला तर घरी. बाईंनी हे अगदी सरळ सांगितलं, मला ते आवडलं.

ताईला एवढा आनंद झाला की डोळ्यांना पदर लावला. भावोजी म्हणाले, वा मेहुणेबुवा, उरलेले तुम्ही तसेच, एक डोळा तेवढा कामाचा निघाला. भावोजींना सदऱ्याची बटणं कधी ओळीने लावता आलेली नाहीत.

१७ मार्च, सोमवार

आज एक सुधारणा केली. इथे सगळे शून्य कसं घेतात, तर नळी रिकामी ठेवून, झाकण लावून. म्हणजे ते नळीचं शून्य झालं, डोळ्याचं नाही. रिकाम्या नळीचं शून्य घेऊन डोळ्याचं माप करायचं, ही कसली पद्धत? इतक्या वर्षांत कोणाच्या डोक्यात आलं नाही. येणार कसं?

मी दिवा बंद केला, दातपट्टी चावली, झाकण न लावता डोळा नळीला लावला आणि मापक सुरू केला. संपूर्ण काळोख. काटा हलायला नको होता. नंतर उजेडात कागदाची पट्टी पाहिली.

हलला. केसभरच, पण हलला. अंदाजेने दाराच्या पडद्याला कुठेतरी फट ठेवली असणार.

२० मार्च, गुरुवार

फट नाही. दाराच्या कडांना काळी पट्टी चिकटवली. दिव्याची तारच काढून ठेवली. रिकाम्या नळीला शून्य. माझ्या डाव्या डोळ्याला शून्य. अंदाजेला गोड बोलून बसवलं. त्यालाही शून्य, त्याच्या डोक्याला शोभेल असं. माझा उजवा डोळा लावला की काटा उठतो. आणि सोमवारपेक्षा आज जास्त.

म्हणजे उजेड माझ्या डोळ्यातून बाहेर येतोय.

बाईंना सांगताना माझी जीभ अडखळत होती. त्यांनी मान वर केली नाही. म्हणाल्या, यंत्राचं असो नाहीतर तुझं असो, जे जास्तीचं येतं ते वजा करायचं आणि पुढे चालायचं, यात रडण्यासारखं काय आहे? मी वजा केलं. वजा केल्यावर आकडा अगदी स्थिर येतो.

तो वाढतोय, हे मात्र बोललो नाही. नोकरी कायम व्हायची आहे.

२४ मार्च, सोमवार

दुपारी औषधाच्या दुकानासमोर रस्ता ओलांडत होतो. लख्ख ऊन. एकदम उजवा डोळा बंद पडला. अंधारी आली, चक्कर आली, असं काही नाही. झाकण बसावं तसं. गोल, कडेपासून कडेपर्यंत, स्वच्छ. मग त्या काळोखात मधोमध एक करडं टिंब दिसलं. थोड्या वेळाने ते जरा उजळलं. मग आणखी जरा. मग सगळं गेलं आणि रस्ता परत आला.

दुकानदाराने हाताला धरून फळीवर बसवलं, पोरा, काही खाल्लंयस का, म्हणून विचारलं. त्याच्या पाटीवर ‘औषधी’ बरोबर लिहिलंय. मी ते तीन-चारदा वाचलं. डाव्या डोळ्याने.

२७ मार्च, गुरुवार

कळलं. आज पुन्हा झालं, आणि या वेळी मी घाबरून डोळा चोळला नाही, लक्ष ठेवलं.

आधी झाकण. मग सगळ्यात गडद काच. मग तिच्याहून फिकी. मग त्याहून फिकी. मध्ये प्रत्येक वेळी तेवढाच विसावा, आकडा लिहायला लागतो तेवढाच.

हा माझाच क्रम आहे. माझ्या डोळ्याला पलीकडून कोणीतरी नळी लावलीय.

आणि तो अंदाजेसारखा नाही. शिस्तीचा आहे. त्याचा हात कापत नाही. दोन काचांमध्ये घाई नाही, चुळबुळ नाही. मी हललो की तो थांबतो, आणि त्या थांबण्यात... मला तो वैताग ओळखीचा आहे. लाळ पुसताना माझा होतो तो.

ताई जेवताना माझ्याकडे टक लावून बघत होती. म्हणाली, तुझ्या डोळ्यात काळ्याच्या आत आणखी एक काळं आहे, बारीक, आणि ते लहानमोठं होतंय. मग तिने भावोजींना बघायला सांगितलं. भावोजींनी बघितलं. विनोद केला नाही. ताट घेऊन आत गेले.

२८ मार्च, शुक्रवार

बाईंना सगळं सांगितलं. नोकरी जायची तर जाऊ दे म्हटलं, पण हे थांबवा. त्यांनी मला स्टुलावर बसवलं, दातपट्टी दिली, डोळ्यात बाहुली मोठी करणारे थेंब टाकले आणि आत बघायच्या भिंगातून बघितलं. बराच वेळ बघितलं. बाई कधी श्वास रोखत नाहीत. आज रोखला.

मग मागे न वळता अंदाजेला म्हणाल्या की दुसरं भिंग आण, लवकर आण, आणि याला उठू देऊ नकोस. आवाजात आनंद होता. त्या अंदाजेशी बोलत होत्या, माझ्याबद्दल, टेबलाबद्दल बोलावं तसं. अंदाजे म्हणाला, बाई, सोडा त्याला, तो रडतोय. त्या म्हणाल्या, पाणी आलं की चित्र हलतं, पूस.

त्याने पुसलं. हळूच पुसलं.

दातपट्टी सोडल्यावर मी विचारलं, बाई, काय दिसलं आत?

म्हणाल्या, तुला दिसण्यासारखं काही नाही.

उद्या रविवारची सुट्टीही रद्द— नाही, उद्या शनिवार. बघा, मी वार चुकलो. मी कधी चुकत नाही.

३१ मार्च, सोमवार

गेलो नाही. डोळ्यावर कापूस, वरून पट्टी, त्यावर ताईचा काळा रुमाल. उपयोग नाही. उजेड पुढून येतच नाहीये, मागून येतोय. पापणी मिटून काय होणार, पापणीच्या आतल्या बाजूला—

दर वेळी एक काच पुढे जातो तो. काल शेवटून दुसरीपर्यंत आला.

सकाळी तोंड उघडेना. दात एकमेकांत रुतलेले. मध्ये काही नाही, तरी काहीतरी चावून धरल्यासारखे. मेणाची चव येते. ताई चमच्याने भरवायला बघते, चमचा दातांवर वाजतो. भावोजी बाहेर हळू आवाजात म्हणत होते की भीतीने दातखीळ बसली पोराची, डॉक्टर आणतो. भीतीने नाही. डोकं हलू नये म्हणून.

अंदाजे येऊन गेला. बाईंनी न्यायला पाठवलं होतं. मला बघून म्हणाला, तू घरी नव्हतास असं सांगतो. मी कागदावर लिहून विचारलं, तिकडेही शेवटची काच काढत नसतील ना? त्याने कागद दोनदा वाचला. अंदाजे नाही, म्हणाला.

१ एप्रिल

ताईने हात धरलाय. उजव्या हाताने लिहितोय, डाव्या डोळ्याने.

मी शून्य घेतलं नसतं डोळा लावून, तर त्यांना कळलंच नसतं इथे कोणी आहे. काळोखात उघडा डोळा— नळीच उघडी ठेवली मी. इतकी वर्षं कोणी ठेवली नव्हती. कोणाच्या डोक्यात आलं नाही म्हणून हसलो होतो.

बाई खाली आल्यात. भिंग घेऊन आल्यात. भावोजी जिन्यात आडवे उभे आहेत, वर सोडत नाहीत. भावोजी.

झाकण बसलं.

गडद काच.

फिकी. हलायचा प्रयत्न केला. डोकं हलत नाही. ताई विचारते काय होतंय, तिला सांगता—

आणखी फिकी. आता दिसतो. नळीच्या टोकाला त्याचा डोळा. तो माझ्याकडे बघत नाहीये. माझ्यातून पलीकडे बघतोय, काट्याकडे—

शेवटून दुसरी. दुखतंय.

शेवटचीच राहिली. थांबलाय. मागून कोणीतरी त्याला काही विचारलं, घाबरून विचारलं. त्याने मान न वळवता उत्तर दिलं. आवाज नाही येत, पण मला माहीत आहे काय म्हणाला. व्हरांड्यात आणखी बसलेले

ताई हात सोड. रुमाल बांध स्वतःच्या डोळ्यांना, माझ्याकडे बघू नकोस, उजेड बाहेर येई—

काच सरक