एकेचाळीस घरची हिरवी बुरशी

नत्थुजींच्या शेताच्या धुऱ्यावरच्या, म्हणजे बांधावरच्या मातीतून आणलेली, आईच्या भातावर वाढलेली आणि माझ्या बरणीत जपलेली बुरशी नेमकी कुणाची? मला उत्तर माहीत नाही. तरी हे लिहायला बसले, कारण सोमवारी नागपूरला माझ्या हृदयाची झडप बदलणार आहेत.

मी, प्रणाली महादेवराव भुयार, वय २७, बी.एस्सी. (घरातली पहिली पदवी), राहणार वलगाव, जि. अमरावती, कुणाच्याही दडपणाखाली नसताना हे लिहिते. मन ठिकाणावर आहे. झडप तेवढी नाही.

१. गोठ्यालगतची खोली बाबांनी बक्षीसपत्राने मला दिली आहे. ती गावाची प्रयोगशाळाच राहील. दाराला कुलूप लावू नये. माझ्या नावाची पाटीही नको.

२. मोठा कुकर आईला, सुभद्रा भुयार हिला. प्रयोगाच्या पहिल्या वर्षी मी त्यात भात शिजवून सहा बरण्यांत त्यावर बुरशी वाढवली होती. एकदा कॉलेजातून आले तर बरण्या घासून पालथ्या! "बुरसा आला होता ना वं भाताले. फेकला उकिरड्यावर. घरात सडकं कायले ठेवून राहिली तू?" दोन दिवस मी तिच्याशी बोलले नाही. पुढच्या हंगामात त्या उकिरड्याचं खत नत्थुजींनी नेलं, आणि मर रोगाने दरवर्षी वाळणारी त्यांची तूर उभी राहिली. "पोरी, तुह्या मायनं फेकलं ते सोनं होतं," म्हणाले. तेव्हापासून बुरशीसाठीचा भात आईच शिजवते. तिच्या हातची बरणी कधी नासत नाही.

३. कुकरची जुनी शिट्टी प्रा. चिंतामण सरांना. "ताई, कुकरमध्ये भात शिजतो, संशोधन नाही," असं ते भर वर्गात म्हणाले होते. शिट्टी त्यांच्या टेबलावर ठेवावी. पोचपावती नको.

४. मायक्रोस्कोप खोलीत माझ्या मदतीला येणाऱ्या वर्षालीला. ती दहावीत दोनदा नापास झाली, पण बुरशी तिच्याइतकी अचूक गावात कुणी ओळखत नाही, मीही नाही.

५. बँकेतली शिल्लक खोलीच्या वीजबिलासाठी. प्रयोगांच्या वहीची झेरॉक्स कुणीही काढावी; परवानगी विचारत बसू नये.

६. स्कूटी भाऊ नितेशला. तो अजून धुसफुसतो, "कंपनीचा माणूस सोताहून घरी आला, अन् तू त्याले नुसता चहा पाजून वापस धाडलं?" हो, धाडलं. त्याला बुरशी एकट्याच्या मालकीची हवी होती. उद्या तीच पाकिटात भरून आम्हालाच विकली असती. नितेश, मी नसले की तू कंपनीच्या कागदावर सही करशील, हे मला ठाऊक आहे. राग नाही. पण सही करायला काही उरलेलं नाही.

७. कारण बुरशी या मृत्युपत्रात नाहीच. आज सकाळी आई आणि मी स्टीलचे डबे घेऊन निघालो आणि एकेचाळीस घरी ती वाटून आलो. प्रत्येक डब्यावर वाढवायची रीत चिकटवली आहे.

ठिकाण: वलगाव
दि. १४ जून २०२५
सही: प्रणाली म. भुयार

साक्षीदार:
१. आरती इंगोले
२. नत्थुजी ढोले (अंगठा). डबा पोचला.