दोन रिकामे रकाने

फुलपाडा, विरार
३ फेब्रुवारी २०२५

ती. बाबांस,
ज्ञानदाचा सा. न. वि. वि.

तुम्ही वाळवून पाठवलेली सुकेळी पोचली. तीन रविवार निर्मळला आले नाही, त्याचं कारण काम नव्हे. समोर आले की तुम्हाला ऐकू जावं म्हणून ओरडावं लागतं, आणि हे ओरडून सांगता येणार नाही.

रोमचे रोन्केत्ती मास्तर, ज्यांचं हाताने लिहिलेलं संगीत मी संगणकावर उतरवून देते, त्यांचा हा शेवटचा सिनेमा. वय शहाऐंशी. माझ्यासारखंच दुसऱ्यांचं नोटेशन उतरवत त्यांनी सुरुवात केली. मग एकशेबारा सिनेमे. या सिनेमात एक म्हातारा बायकोला दफनभूमीत पोचवून घरी येतो. त्या जागी नोटेशनमध्ये सगळ्या वाद्यांचे दोन रकाने कोरे होते, म्हणजे तेवढा वेळ काहीच वाजायचं नव्हतं. मी त्यात क्लॅरिनेट भरली. मुद्दाम नाही. वळणावर बँड थांबला की वरात रेंगाळते, म्हणून कोरी जागा दिसली की भरायची, हे सातव्या वर्षी तुमच्याकडून शिकले. हात तेच करून गेला. काल जुनं तपासताना दिसलं. रोममध्ये ध्वनिमुद्रण होऊन गेलंय आणि कोणी काही बोललेलं नाही. सांगितलं तर काम जाईल. न सांगता जेवण जात नाही. पानाची प्रत सोबत आहे. काय करू?

रागावलात तरी लोभ कमी करू नये.
आपली,
ज्ञानदा

निर्मळ
७ फेब्रुवारी

चि. ज्ञानदास अ. उ. आ.

पान वाडीत केळीखाली बसून वाचलं. कान गेले, पण कागद अजून वाजतो. तुझी क्लॅरिनेट चांगली आहे. ज्याच्या बँडमध्ये मी वीस वर्षं वाजवलं, त्या स्टीवनने मान डोलावली असती. म्हणूनच ती तिथे नको.

तुझी आई गेल्यावर मी पंधरा दिवस रेडिओ मोठ्याने लावून ठेवायचो. तू समजलीस, बाबांना कमी ऐकू येतं. तेव्हा मला सगळं नीट ऐकू येत होतं.

दुसऱ्याच्या वाडीतला पेरू खाल्लास की तोंड पुसायच्या आत कबूल करायचीस. आता मला कशाला विचारतेस? लिही त्यांना. बापाने लावलेली खोड आहे, असं खुशाल सांग.

वेळेवर जेव. तब्येतीला जपावे.
तुझे बाबा

फुलपाडा, विरार
१९ फेब्रुवारी

ती. बाबांस, सा. न. वि. वि.

लिहिलं. तुमच्यावर ढकललं नाही. काल त्यांच्या नातीने मास्तरांचा निरोप कळवला. साठ वर्षं प्रत्येक दिग्दर्शक त्यांना म्हणत आला, इथे अजून थोडं वाजू दे. ते दोन रकाने त्यांनी या वेळी भांडून कोरे ठेवून घेतले होते. आजारपणामुळे ध्वनिमुद्रणाला जाता आलं नाही, म्हणून त्यांना कळलंच नव्हतं. आता क्लॅरिनेट काढून टाकली आहे.

रागावले नाहीत. पुढचं काम मात्र नाही. त्यांच्याकडेच आता नाही. एवढंच विचारलं, असं भरायला कोणी शिकवलं. मग मी तुमचं नाव लिहिलं, गावासकट.

रविवारी येते. ओरडणार नाही. केळीखाली दोघं नुसतं बसू.

लोभ होता तसाच असू द्यावा.
आपली,
ज्ञानदा