गाडी ठीक आहे

दि. ९ मार्च

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

स्पर्धेच्या दिवशी पहाटे मी देवापुढे दिवा लावला, हात जोडले, आणि त्याच हातांनी गॅरेजात जाऊन भिंगरीची गाडी बिघडवली. इतके दिवस पत्र नव्हतं, त्याचं कारण हे.

पोरीची ती छोटी जपानी गाडी तू पाहिली आहेस. इंजिन एवढुसं, म्हणून स्पर्धेत वळणावर आडवी सरकवायची तर मागची दोन्ही चाकं एकदम फिरावी लागतात. त्यासाठी डिफरन्शियलचे, म्हणजे दोन चाकांना वेगवेगळं फिरू देणाऱ्या पेटीचे, आतले दाते मीच वेल्डिंग करून जाम केले होते. त्या पहाटे ते जाम डिफरन्शियल काढून मूळचं, साधं बसवलं. मोठं इंजिन असतं तर गाडी तरीही रेटून सरकली असती. ही सरकणार नाही, हे मला पक्कं ठाऊक होतं. भिंगरी हे सगळं कॉम्प्युटरवर गेम खेळून शिकली. तिथे गाडी आपटली की लगेच नवी मिळते. माझ्याकडे, ताई, आपटलेल्या गाड्या येतात. सीटवरचं रक्त पुसायचं काम माझंच असतं.

बंद पडलेल्या विमानतळाच्या धावपट्टीवर, सगळ्यांदेखत, एकच चाक धूर काढत राहिलं आणि गाडी शहाण्यासारखी वळली. लोक हसले. तिनं मला गाडीखाली बघायला सांगितलं. मी पाठीवर झोपून खाली शिरलो, आणि बाहेर येऊन गाडी ठीक आहे म्हणालो. ती नुसती आपल्या हातांकडे बघत बसली.

आता ती तुझ्याकडे आहे. तुझं ऐकते. तूच सांगशील का?

लोभ आहेच, तो वाढव असं म्हणायला या वेळी तोंड नाही.

तुझा,
भाऊ

दि. १४ मार्च

चि. भाऊस,
अनेक आशीर्वाद.

पत्र वाचता वाचता बोटात सुई शिरली, इतका राग आला. भिंगरी दुकानात माझ्याजवळ बसून काजं-बटणं करते. काल शिलाई मशीनच्या चाकावर हात ठेवून बसली होती. विचारलं तर म्हणाली, की आत्या, मला वाटायचं माझ्या हातात काहीतरी आहे. बाबांनी स्वतः खाली झोपून पाहिलं, म्हणजे खोट माझ्यातच, हे तिचं पालुपद. आता गाडी विकायची म्हणते, गिऱ्हाईक बघायला तुला सांगितलंय.

तुझी भीती मला कळते रे. लहानपणी तू झाडावर चढायचास तेव्हा मीही खाली उभी राहून रडायचे. पण फांदी कधी कापली नाही.

निरोप पोचवायचं काम मी करणार नाही. देवापुढे रोज तोंड उघडतोस ना, मग लेकीपुढेही उघड. शनिवारी तिला पाठवते. वेळेवर जेवत जा. रागावले तरी बहीणच आहे.

तुझी,
ताई

दि. २४ मार्च

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

शनिवारी भिंगरी आली ती गाडी विकायची म्हणून पुसायलाच लागली. मी जाम केलेलं डिफरन्शियल तिच्यापुढे ठेवलं आणि सांगितलं. तिला आधी थट्टाच वाटली. मग स्वतः गाडीखाली शिरली. बराच वेळ बाहेर आली नाही. आल्यावर एकच विचारलं, की मी खाली बघायला सांगितलं तेव्हाही ठाऊक होतं का. हो म्हणालो. भीती वाटत होती तर भांडायचं होतंत, मीही भांडले असते, म्हणाली. आणि हसले त्या लोकांना कोण सांगणार?

ते डिफरन्शियल तिनं एकटीनंच बसवलं. मी पाना पुढे केला, तर तो न घेता दुसरा शोधला.

तिचा प्रश्न मला फार जड गेला. धावपट्टीवरच्या निम्म्या गाड्या माझ्याच हातच्या. ब्रेक बरोबर आहे असं मी म्हटलं की पोरं डोळे मिटून पळवतात. रात्री देवापुढे बसलो, शब्द सुचेना, तसाच उठलो.

काल धावपट्टीवर गेलो. भिंगरी दुसऱ्या मेकॅनिककडून ब्रेक तपासून घेत होती. वाईट वाटलं. सगळ्यांना हाक मारून जवळ बोलावलं आणि सांगितलं, की पोरीचा हात चांगला आहे, गाडी मी बिघडवली होती, आणि तिनं विचारलं तेव्हा खोटं बोललो. कुणी हसलं नाही. भिंगरीनं वर पाहिलं, पण जवळ आली नाही. दोघांनी माझ्याकडे दुरुस्तीला दिलेल्या आपल्या गाड्यांच्या चाव्या परत मागितल्या.

दिल्या.

तुझा,
भाऊ