ताटावरचं नाव

सुचिताचे बाबा,

पोरीच्या वाढदिवसाच्या ताटावर तिचं नाव टाकून आणा म्हटलं, त तुम्ही ४२ टाकून आणलं! काऊन, त तुमच्या ताटावर ४१ हाय म्हणून. तुम्ही बालगृहात वाढले, तिथं नंबरावर जेवाले भेटे, समजते मले. टॉवेलावर ४१, चपलीवर ४१, सात वर्षं गप राह्यली मी. पण माही पोर कोन्या रांगेत उभी हाय? डोकं फिरलं आता.

पोरीले अन् दोन्ही ताटं घेऊन चिखलीले चालली. बेसन-भाकर झाकून ठेवली हाय, माह्या ताटात जेवा.

लग्नापासून तुमचं नाव म्या तोंडानं घेतलं नाही. आज भांड्याच्या दुकानात घेईन, मोठ्यानं.

प्रतीक्षा